विहीणबाईंचं रुखवत

४ जुलै २०१७, मंगळवार

मी पणजी होणार! आधी हे लिहून टाकते, मग बाकीचं.

ही वही मला प्रभानं दिली. प्रभा म्हणजे माझी सून. म्हणते, "आई, दिवसभर रेडिओला उत्तरं देत बसता, त्यापेक्षा लिहा." माझा लेक हर्षवर्धन दहावीला होता तेव्हा मी प्रौढ वर्गात अक्षरं शिकले. जोडाक्षरं माझ्याशी अजून भांडतात. भांडू देत, वाचणार कोण आहे?

तर आज संध्याकाळी सोलहून यशूचा तोंड दिसणारा फोन आला. यशू माझी नात, यशोधरा. कोरियात इंग्रजी शिकवायला म्हणून गेली आणि तिथलाच नवरा केला, मिन्हो. पोरगा गुणाचा आहे, डोळे बारीक, हसला की दिसतच नाहीत. पोट्टीनं पाचवा महिना लागेपर्यंत लपवून ठेवलं बघा! नोव्हेंबरच्या शेवटी बाळ. मी फोनवरच नाचले. गुडघा दुखला, पण नाचले.

हर्षा मात्र टीव्हीकडे बघत होता. त्याची दुसरीच बातमी चालू होती. त्या उत्तरेकडच्या कोरियानं म्हणे लांब पल्ल्याचं क्षेपणास्त्र सोडलं. तो देश जगाशी बोलत नाही, कुणाला आत येऊ देत नाही, आपल्या माणसांना बाहेर जाऊ देत नाही, आणि अणुबाँब करत बसतो. यशूचं सोल दक्षिणेकडच्या कोरियात. मी विचारलं, "सीमा किती लांब तिच्या घरापासून?" हर्षा म्हणाला, "इथून ॲबट्सफर्ड, एवढीच." ॲबट्सफर्डला, अमेरिकेच्या हद्दीजवळ, आपण ब्लूबेरी आणायला जातो, गाडीनं तासाभरात.

"बाबा, रिलॅक्स," यशू म्हणाली, "एव्हरीवन इज फाइन हिअर. लोक शॉपिंग करतायत."

१० जुलै

पहिलं बाळंतपण माहेरी. हे ठरलेलंच असतं, त्यात विचारायचं काय? यशूला तसं म्हणाले तर म्हणते, "आजी, इथे डॉक्टर टॉप क्लास आहेत." डॉक्टर असतील, पण हळिवाचे लाडू कोण करणार? बाळाला पायांवर घेऊन न्हाऊ कोण घालणार? सासूबाई शेवाळाचं सूप करतात म्हणे बाळंतिणीला. शेवाळाचं! तळ्यावर असतं ते.

प्रभा म्हणाली, समुद्रातलं असतं, आणि चांगलं असतं. असेल.

२९ जुलै, शनिवार

काल अजून एक सोडलं. हे म्हणे इथवर येऊ शकतं, अमेरिकेच्या डोक्यावर, आपल्या कोक्विटलामपर्यंत. झालं! हर्षा सकाळी गाडी घेऊन गेला तो दुपारी आला. बेसमेंटमध्ये पाण्याच्या बाटल्यांची भिंत उभी केली आहे. राजम्याचे डबे, तांदूळ, तूप, साखर, बॅटऱ्या, चिकटपट्टी. माझा लेक वीज कंपनीत मोठा इंजिनिअर आहे, पण लहानपणापासून असाच. पाऊस यायच्या आधी छत्री उघडून चालायचा. इथे विंटर टायर सप्टेंबरातच बसवून घेतो.

मी म्हटलं, "बाँब पडल्यावर एवढी साखर कशाला रे? चहा कुणासाठी करायचा?"

"आई, हसू नकोस. हे सिरियस आहे."

प्रभा खालच्या आवाजात म्हणाली, "आई, भूकंपासाठी तरी सामान ठेवायचंच होतं. आणू द्या त्यांना. त्यांना बरं वाटतं."

शहाणी आहे माझी सून. मी तुपाचा एक डबा वर आणून ठेवला.

३ सप्टेंबर, रविवार

काल त्या देशानं जमिनीखाली मोठा बाँब फोडून पाहिला. एवढा मोठा की भूकंपाच्या यंत्रांना कळलं. हर्षा टीव्हीसमोरून हलला नाही. त्याला वाटतं सगळी दुनिया वेडी झाली.

मला आठवलं, आपण राजस्थानात फोडला होता तेव्हा नागपूरला आमच्या लायनीत पेढे वाटले होते. मीही खाल्ले, दोन. यशूचे आजोबा, बळवंतराव, दारूगोळ्याच्या कारखान्यात होते, तोफेच्या गोळ्यांना पितळी टोप्या बसवायचे. हर्षाचं कॉलेज त्या टोप्यांवर झालं. ते म्हणायचे, "गंगू, मी बसवलेली एकही टोपी कधी कामाला येऊ नये." पेढा त्यांनी नाही खाल्ला. मला वाटलं दात दुखतो आहे.

आणि त्या देशाचं ऐकते तेव्हा मला सासरच्या वस्तीतला बबन आठवतो. गावानं आमच्या वस्तीला वाळीत टाकलं होतं, मी नवी नवरी होते. दुकानदार मीठसुद्धा देईना. तेव्हा हा बबन दारात कोयता घेऊन बसायला लागला. रोज धार लावायचा. गाव त्याला घाबरलं, पण त्याची स्वतःची लेकरंही घाबरली, अंगणात येईनात. बायको वाळून काटकी झाली. मीठ काही आलं नाही. मग पाटलाची सून अडली बाळंतपणात, आणि माझ्या आजेसासूला बोलावणं आलं. तिच्यासारखी सुईण पंचक्रोशीत नव्हती. म्हातारी म्हणाली, "आधी वस्तीचं मीठ सुरू करा, मग येते." मीठ आलं, मग ती गेली. बबननं कोयता खाली ठेवला का, ते मात्र आठवत नाही.

हर्षाला सांगितलं तर म्हणतो, "आई, इंटरनॅशनल पॉलिटिक्स इतकं सोपं नसतं."

मग कठीण करून काय मिळवलं, ते तरी सांगा.

१५ सप्टेंबर

जपानवरून पुन्हा एक गेलं. हर्षानं यशूला फोनवर सुनावलं, "तू उद्याच्या उद्या निघायचंस!" ती म्हणाली, "बाबा, आय ॲम नॉट अ चाइल्ड." त्यानं फोन ठेवला. मग प्रभानं हर्षाशी बोलणं सोडलं. घरात एका बाजूला हा, एका बाजूला ती, मध्ये मी आणि पोळ्यांचा डबा.

हर्षाला कळत नाही. भीती दाखवून ही पोट्टी कधीच ऐकत नाही, त्याचीच लेक आहे. आता मी बोलणार. यशूशी नाही, थेट विहिणीशी.

२४ सप्टेंबर, रविवार

बोलले! नवं लुगडं नेसून बसले होते. विहीणबाईंचं नाव सूनजा. माझ्याहून थोडी लहान, पण ताठ बाई. पाठीमागे कपाट, त्यावर फोटो, पितळी वाट्या, चमचे, सगळं लखलखीत. लढाईच्या वेळी ही आईच्या पाठुंगळीला बांधलेली होती म्हणे. उत्तरेतून चालत खाली आले ते लोक, आणि कपाटावरचे ते चमचे तेवढे सोबत आणले. यशूनं सांगितलं होतं लग्नात.

मधे बसून यशू मराठीचं कोरियन करत होती. मी बाँबचा ब काढला नाही. म्हटलं, "विहीणबाई, आमच्यात पहिलं बाळंतपण माहेरी करतात. तुमची सून माझ्याकडे पाठवा. कसर ठेवणार नाही. तुमचं शेवाळसुद्धा करून घालीन."

सूनजाबाईंनी मागे वळून कपाटाकडे पाहिलं. मग एवढं मोठं बोलल्या. यशूचा चेहरा पडला. ती कोरियनमध्येच काहीतरी म्हणाली, बाईंनी हात वर करून तिला गप्प केलं. मग माझ्याकडे वळून हसल्या आणि वाकून नमस्कार केला.

"काय म्हणाल्या गं?"

यशू म्हणाली, "म्हणाल्या… रिवाज आहे तर पाळायलाच पाहिजे."

बघा! हर्षानं तीन महिने आरडाओरडा केला, आणि मी एका बैठकीत आणलं. रिवाजाची ताकद असते. हर्षाला मी दिवसभर टोमणे मारले.

२६ सप्टेंबर

सूनजाबाईंनी स्वतः तिकीट काढलं यशूचं. मिन्हो नोव्हेंबरात येणार, त्याचंही काढलं, त्याला न विचारता. हर्षा म्हणाला, फक्त येण्याचंच काढलंय, परतीचं नाही. विसरल्या असतील. त्या वयात होतं असं. मी परवा चष्मा फ्रिजमध्ये ठेवला होता.

७ ऑक्टोबर, शनिवार

आली! माझी पोर आली! पोट केवढं, पाय केवढे सुजलेले, विमानतळावर मी सगळ्यांसमोर कडाकड बोटं मोडून अलाबला घेतली तर पोलीस बघायला लागला.

आणि सोबत भली मोठी बॅग, सासूनं भरून दिलेली. घरी येऊन उघडली तर आपल्या रुखवतासारखं सगळं. ते पितळी चमचे आणि वाट्या, मऊ कापडात एकेक गुंडाळून. जुने फोटो चिकटवलेला अल्बम. एक दगडाचा शिक्का, नावाचा. कसले कसले सरकारी छापाचे कागद. मिन्हो बाळ असताना घातलेलं रंगीत बाह्यांचं झबलं. वाळलेलं शेवाळ ढीगभर. आणि तीन पिशव्यांत बांधलेली एक बाटली, आत काळं पाणी.

मला इतकं बरं वाटलं! आपल्याकडे मुलीची आई मांडते रुखवत, कोरियात सासू पाठवते म्हणायचं. केवढा मोठा मान! मी म्हटलं सगळं बैठकीत मांडू या, शेजारच्या पंजाबी बाईला बोलावू या. तर यशू रडायलाच लागली. नववा महिना जवळ आला की होतं असं. प्रभानं बॅग बंद केली आणि म्हणाली, "आई, हे सामान जपून ठेवू या." तळघरात नेऊन ठेवली, पाण्याच्या भिंतीमागे. हर्षा त्या बॅगेकडे पाहत उभा होता. यशू आल्यापासून बाँबबद्दल एक शब्द बोलला नाही. मी म्हटलं, आला एकदाचा ताळ्यावर.

१६ ऑक्टोबर

काळ्या पाण्याचं कळलं. तो सोया सॉस आहे, पण दुकानातला नाही. सूनजाबाईंच्या आईनं लावलेला. दरवर्षी नव्यात जुना थोडा घालायचा, असं करत करत चालत आलेला. म्हणजे विरजण! मला लगेच समजलं. मी नागपूर सोडलं तेव्हा दह्यात पांढरं फडकं बुडवून वाळवून आणलं होतं, इथे कोमट दुधात टाकलं. आज कोक्विटलामात जे दही आहे ते त्याच फडक्याचं. प्रभाला म्हटलं, "मी आणलं होतं कारण मला परत जायचं नव्हतं. पण ही बाई तर तिथेच आहे, तिनं कशाला पाठवलं असेल?"

प्रभा कांदा चिरत राहिली.

वरणात एक चमचा घालून पाहिला. बापा, काय चव!

५ नोव्हेंबर

सूनजाबाईंशी बोललो. मिन्हो इकडे आला, आता त्या एकट्याच. हसत होत्या. पाठीमागचं कपाट एकदम रिकामं. रंगकाम काढलंय वाटतं घरात. मी यशूला म्हटलं, विचार कुठला रंग देणार, तर म्हणते, "आजी, नेक्स्ट टाइम."

मिन्हो फोन संपल्यावर बाहेर जाऊन दाताळ्यानं वाळकी पानं ओढत बसला. अंगणात एक पान उरलं नाही.

२८ नोव्हेंबर, मंगळवार

मुलगी! मुलगी! मुलगी!

काळे कुळकुळीत केस, डोळे बापाचे, नाक माझं. हर्षा म्हणतो नाकावरून अजून सांगता येत नाही. मला येतं.

सकाळी दवाखान्यात बाहेरच्या खोलीत टीव्ही चालू होता. त्या देशानं आज पुन्हा सोडलं, सगळ्यात उंच गेलेलं म्हणे, आता सगळी अमेरिका त्याच्या टप्प्यात. सगळे माना वर करून पाहत होते. माझा हर्षा, जो जुलैपासून बातम्या सोडून उठला नाही, तो टीव्हीकडे पाठ करून काचेतून पोरीकडे बघत होता. "आई, तिनं जांभई दिली! पाहिलंस का?"

सूनजाबाईंना फोनवर दाखवली. तिकडे पहाट व्हायची होती, तरी बाई केस विंचरून, चांगला स्वेटर घालून बसलेल्या. स्क्रीनवर बोट फिरवत राहिल्या. मी ओरडून सांगितलं, "विहीणबाई, रुखवतातल्या वाटीतच तेल गरम करणार आहे हो!" यशूनं ते सांगितलं, तेव्हा हसल्या.

नाव मीना ठेवणार. तिकडेही चालतं, इकडेही. मला महामाया हवं होतं.

२० डिसेंबर

लिहायला वेळ कुठला? सकाळी न्हाणं, मग धुरी. धुरीनं स्मोक अलार्म वाजला, फायर ब्रिगेडची गाडी आली. आता ओव्याची नुसती पुरचुंडी शेकते. हर्षाच्या तळघरातलं तूप आणि साखर संपली, डिंकाच्या लाडवांत गेली. बॅटऱ्या पाळण्यावरच्या गाण्याच्या खेळण्यात. शेवाळाचं सूप मी रोज करते, मीही पिते. तळ्यावरचं नाहीये ते.

९ मार्च २०१८, शुक्रवार

सूनजाबाई आल्या! त्यांच्यात बाळाचा शंभरावा दिवस करतात. काल केला. तांदळाचे पांढरे केक, बुद्धवंदना, बाबासाहेबांच्या फोटोला हार, आणि मीनाला ते रंगीत बाह्यांचं झबलं.

आल्या आल्या त्यांनी चमचे पाहिले. मी एकही ठेवणीत ठेवलेला नाही. चिंचेनं घासून रोज वापरते. एका वाटीत तेल, एकीत काजळ, मोठ्या चमच्यानं वरण वाढते. प्रभा घाबरली, मला डोळ्यांनी खुणावत होती. सूनजाबाईंनी चमचा उचलला, वरण वास घेऊन चाखलं, त्यात आपल्या आईचा सोया ओळखला, आणि हसायला लागल्या. हसता हसता डोळे पुसले. मग ताट पुढे केलं, अजून वाढा म्हणून.

हर्षा सांगत होता, त्या दोन कोरियांचं बोलणं सुरू झालंय, मोठी भेट ठरलीय. बर्फावरच्या खेळांच्या वेळी दोन्हीकडचे खेळाडू एकत्र चालले होते. मी म्हटलं, कोण अडलं होतं बाळंतपणात?

२६ एप्रिल, गुरुवार

आज संध्याकाळी सगळे टीव्हीपुढे. तिकडे सकाळ होती. सीमेवर जमिनीत एक सिमेंटची बुटकी पट्टी, उंबरठ्याएवढी. उत्तरेचा साहेब ती ओलांडून इकडे आला, मग दक्षिणेचा त्याचा हात धरून तिकडे जाऊन आला. मला वाटलं होतं सीमा म्हणजे भिंत असेल. हे तर मीना रांगायला लागली की ओलांडेल.

सूनजाबाई मीनाला मांडीवर घेऊन बसल्या होत्या. पोरगी त्यांची बोटं चोखत होती. सगळं संपल्यावर उठल्या, खाली बेसमेंटमध्ये गेल्या, आणि ती मोठी बॅग एकट्यानं ओढत वर आणली. मिन्हो धावला, तर त्याला हात लावू दिला नाही.

२८ एप्रिल, शनिवार

सूनजाबाई आज परत गेल्या. आता लिहिते, कारण मला राग आलाय. रुखवत दिलं आणि रुखवत परत नेलं! अल्बम नेला, शिक्का नेला, कागद नेले, चमचे नेले. मोजून एकेक कापडात गुंडाळले, गाणं म्हणत. कोणी दिलेलं असं परत नेतं का? आणि घरातलं एकही माणूस काही म्हणेना. उलट यशू मदत करत होती आणि हर्षानं बॅग गाडीत ठेवताना डोळे पुसले. मी विचारलं तर म्हणतो, "आई, चांगलं झालं. फार चांगलं झालं." डोक्यावर परिणाम झालाय सगळ्यांच्या.

एक वाटी तेवढी ठेवली, तेलाची. आणि सोयाची अर्धी बाटली. म्हणाल्या, हे दोन्हीकडे असू दे.

मग माझाही राग जिरला. मी पांढरं फडकं दह्यात बुडवून खिडकीत वाळवलं होतं, ते घडी करून त्यांच्या हातात दिलं. कोमट दुधात टाका, हलवू नका, झाकून ठेवा. यशूनं सगळं सांगितलं. बाईंनी ते फडकं बॅगेत नाही टाकलं, पर्समध्ये ठेवलं, पासपोर्टाशेजारी.

जूनमध्ये यशू, मिन्हो आणि माझी मीना सोलला जाणार. हे मला आज सांगितलं. मी पोरीच्या डोक्याला तेल चोळत बसले.

६ मे, रविवार

फोन आला. सूनजाबाईंनी वाडगं स्क्रीनसमोर धरलं आणि सरळ उलटं केलं. मी ओरडले! पण काही सांडलं नाही. दही असं लागलंय, असं घट्ट, की माझ्याच घरचं. सगळे टाळ्या वाजवत होते, मीनासुद्धा, तिला अजून येत नाही तरी.

आणि ऐका. जूनच्या तिकिटांत माझंही तिकीट आहे! विहीणबाईंनीच काढलं. मीनाचे दात येईपर्यंत मी तिकडे. या वेळी परतीचंही काढलंय, शिकली बाई. हर्षा आज बेसमेंटमधलं पाणी वर आणून माझ्या मिरचीच्या कुंड्यांना घालत होता, मी नसताना त्यांचं कोण बघणार म्हणून आत्तापासून सवय करतोय.

एक सांगायचं राहिलं. त्यांच्या पाठीमागचं कपाट पुन्हा भरलंय. फोटो, शिक्का, चमचे, सगळं जिथल्या तिथे, लखलखीत. रंगकाम संपलं वाटतं एकदाचं. भिंतीचा रंग मात्र मला तोच दिसतो, जुनाच. गेल्यावर जवळून बघते.